निवेदन सगळ्यात शेवटी

चि. पोरीस,
अनेक आशीर्वाद.

शूटिंगला तीन आठवडे आहेत आणि त्या कलासमीक्षकांवरच्या माहितीपटाचं बारा पानी निवेदन तू लिहूनही काढलंस! पानं चांगली आहेत. कपाटात ठेव.

इंग्रज कलासमीक्षक जॉन बर्जरचं १९७२चं पुस्तक ‘वेज ऑफ सीइंग’ काढ. व्हॅन गॉगचं गव्हाचं शेत आणि त्यावरचे कावळे त्यात आधी नुसतेच छापलेत. पान उलटलं की तेच चित्र पुन्हा, सोबत एक ओळ: आत्महत्येपूर्वी त्यानं काढलेलं हे शेवटचं चित्र. झालं! मघाचे साधे कावळे एकदम अशुभ दिसायला लागतात. शब्द चित्राचं काय करतात, ते बर्जरला दाखवायचंच होतं. गंमत म्हणजे ती ओळच चुकीची. त्यानंतरही व्हॅन गॉगनं चित्रं काढली; अखेरचं मानतात ते झाडांच्या मुळांचं. पण एकदा वाचलं की कावळे काही डोळ्यांपुढून हलत नाहीत. निवेदनाला मी भितो तो यासाठी.

पुढे बर्जरवरच माहितीपट झाला, ‘द सीझन्स इन क्विन्सी’. तो राहायचा त्या फ्रेंच आल्प्समधल्या खेड्याचं नाव. चार भाग, आणि करणाऱ्यांत कॉलिन मॅककेब, सिनेदिग्दर्शक गोदारचं चरित्र लिहिलेला माणूस. शब्दांची त्याला काय वाण? तरी त्यानं केलेल्या भागातलं मला आठवतं ते स्वयंपाकघर. अभिनेत्री टिल्डा स्विन्टन सफरचंदं सोलतेय आणि ती नि बर्जर आपापल्या वडिलांविषयी बोलताहेत. दोघांचेही वडील सैनिक, युद्धाबद्दल मूग गिळून बसणारे. (दोघांचा वाढदिवसही एकच, ५ नोव्हेंबर, वर्षं मात्र १९२६ आणि १९६०.) हात कामात असले की माणूस मुलाखत द्यायचं विसरतो.

तुमच्या समीक्षकांना पुस्तकांच्या कपाटापुढे बसवू नका. सगळेच बसवतात. जहांगीर आर्ट गॅलरीत घेऊन जा, ते कुठे रेंगाळतात ते बघ. कोणतं परीक्षण आज परत घ्यावंसं वाटतं, हे विचार. उत्तराला वेळ लागला तर लागू दे.

मी हे चुकूनच शिकलो. तरुणपणी अशाच एका फिल्मसाठी लिहीत होतो. समीक्षक एका चित्रासमोर बराच वेळ नुसते उभे होते. एडिटिंगला मला ती जागा रिकामी वाटली, म्हणून मी तिथे माझी तीन सुंदर वाक्यं घातली. फिल्म पाहून त्यांनी एवढंच विचारलं, “मी गप्प होतो, ते कुठे गेलं?”

पहिला कट बघून झाला की ती पानं काढ. जिथे माहितीवाचून प्रेक्षक अडतोय, तिथेच ओळ घाल. साल, गाव, चित्रकाराचं नाव, बस्स.

आणि चित्रं दाखवायच्या परवानग्या आजच मागायला लाग. चित्रकारांचे वारस पत्राला उत्तर द्यायला महिने लावतात.

तुझा,
सर