पडद्यावरची पहिली आई

प्रश्न : भारतीय चित्रपटातील पहिली आई दुर्गाबाई कामत यांनी रंगवली, असे आमच्या वाचनालयातील एका व्याख्यानात सांगण्यात आले. हे बरोबर आहे काय? (एक वाचक, सातारा)

उत्तर : दुर्गाबाईंचा मान मोठा आहे, परंतु तो पहिल्या आईचा नव्हे. ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कोरोनेशन चित्रपटगृहात दादासाहेब फाळके यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ सर्वांसाठी खुला झाला, आणि त्यातील तारामती, म्हणजे रोहिदासाची आई, अण्णा साळुंके या तरुणाने केली होती. कॅमेऱ्यासमोर उभी राहील अशी स्त्री फाळक्यांनी पुष्कळ शोधली. पण कुलीन घरांतून तर सोडाच, ज्यांना समाजाने आधीच वाळीत टाकले होते त्यांच्यातूनही कोणी टिकेना, तेव्हा मुंबईतील एका उपाहारगृहात काम करणारे हे साळुंके त्यांच्या नजरेस पडले. पुढे १९१७ च्या ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता दोघेही त्यांनीच केले.

रोहिदास झाला होता फाळक्यांचा मुलगा भालचंद्र. त्या मुलाची सख्खी आई सरस्वतीबाई पडद्यामागे राबत होती, आणि आमच्या मते या प्रश्नातील खरा ऐवज तिथे आहे. त्या काळी कच्ची फिल्म कडेची भोके न पाडता येत असे. कॅमेऱ्याचे दाते या भोकांत अडकूनच फिल्म पुढे सरकते, त्यामुळे दोन भोकांमधील अंतर जरा चुकले तरी पडद्यावरचे चित्र थरथरू लागते. उजेडाचा एक कवडसाही चालत नसल्याने हे काम रात्री, अंधाऱ्या खोलीत करावे लागे, आणि ते सरस्वतीबाई करीत. फिल्म धुण्यातही त्यांचा हात होता, आणि शिवाय सगळ्या मंडळींचा स्वयंपाक होताच. भांडवलासाठी त्यांचे दागिने गहाण पडले ही गोष्ट सर्वजण कौतुकाने सांगतात. त्या तंत्रज्ञ होत्या, हे मात्र फार थोडे लोक सांगतात. त्यागाची गोष्ट आपल्याकडे लवकर रुचते.

आता दुर्गाबाईंविषयी. फाळक्यांच्या पुढच्याच ‘मोहिनी भस्मासुर’ या चित्रपटात त्या पार्वती झाल्या आणि त्यांची किशोरवयीन मुलगी कमला मोहिनी झाली. पतीपासून वेगळ्या झालेल्या दुर्गाबाई लहानग्या मुलीला घेऊन नाटक कंपनीबरोबर गावोगाव फिरत होत्या, आणि त्यासाठी त्यांनी जातभाईंचा बहिष्कारही सोसला होता. भारतीय कथापटात स्त्रीने पाऊल टाकले ते असे, मायलेकींच्या जोडीने. हीच मुलगी पुढे कमलाबाई गोखले झाली. पतीच्या निधनानंतर मुलांना वाढवताना तिने रंगभूमी सोडली नाही. अभिनेते चंद्रकांत गोखले हे तिचे चिरंजीव आणि विक्रम गोखले नातू.

प्रश्न : नर्गिस ‘मदर इंडिया’मध्ये स्वतःच्याच वयाच्या नटाची आई झाल्या होत्या, हे खरे का? (एक वाचक, डोंबिवली)

उत्तर : खरे आहे. नर्गिस आणि सुनील दत्त या दोघांचाही जन्म जून १९२९ मधला. चित्रपट १९५७ साली आला आणि पुढच्याच वर्षी त्यांनी लग्न केले. तथापि यात वावगे काही नाही, कारण ती भूमिका नववधूपासून वृद्धेपर्यंतची आहे आणि तिला तरुण नटीच हवी होती.

नवल वाटावे असे उदाहरण आपल्या सुलोचनाबाईंचे आहे. मराठीत नायिका म्हणून नाव कमावलेल्या सुलोचना लाटकर यांचा जन्म १९२८ सालचा. १९७० च्या ‘जॉनी मेरा नाम’मध्ये त्या ज्या दोन भावांच्या आई झाल्या, त्यांतील देव आनंद यांचा जन्म १९२३ चा आणि प्राण यांचा १९२० चा, म्हणजे आई एका मुलाहून पाच आणि दुसऱ्याहून आठ वर्षांनी लहान. वय आड आले ते फक्त बाईच्या. त्याच चित्रपटात देव आनंद यांची नायिका होती हेमा मालिनी, जन्म १९४८.