संपादकाच्या खुर्चीतून मालकाच्या गल्ल्यावर
वाचकांचे प्रश्न, जाणकारांची उत्तरे

प्रश्न : दैनिकात बावीस वर्षे आहे, त्यातली नऊ संपादक म्हणून. आता व्यवस्थापनाने ‘संचालक, संपादकीय व व्यवसाय’ हे पद देऊ केले आहे. पगार वाढेल. सही करण्यापूर्वी काय पाहावे? (वाचक, पाचपाखाडी, ठाणे)

आधी पगाराचा आकडा बाजूला ठेवा आणि पदनाम वाचा. श्रमिक पत्रकारांच्या १९५५ च्या कायद्याने संपादकाला ‘पत्रकार’ धरले, पण जो मुख्यतः व्यवस्थापकीय किंवा प्रशासकीय काम करतो त्याला वगळले. त्या कायद्यात संपादकाला कमी करायचे तर सहा महिन्यांची नोटीस होती, इतर पत्रकारांना तीन महिन्यांची. सदसद्विवेकाला पटत नाही म्हणून राजीनामा दिला, तर तीन वर्षांच्या नोकरीवरही ग्रॅच्युइटी मिळत असे. तो कायदा आता कामगार संहितांत विलीन झाला, पण व्यवस्थापकाला वगळणारी व्याख्या तिथेही आहे. म्हणजे नव्या खुर्चीत बसलात की नोकरीचे संरक्षण करारात लिहिलेले तेवढेच.

त्यामुळे तीन गोष्टी लेखी घ्या. पहिली, मागची बावीस वर्षे अखंड सेवा म्हणून पुढे चालणार की आज हिशेब करून मोकळे करणार. ग्रॅच्युइटी दर वर्षामागे पंधरा दिवसांच्या पगाराची असते, आणि ती मुख्यतः शेवटच्या मूळ पगारावर व महागाई भत्त्यावर निघते, हे लक्षात घेऊन ठरवा. दुसरी, नोटीस किती महिन्यांची आणि ती दोन्ही बाजूंना सारखी आहे का. तिसरी गोष्ट बहुतेक जण विसरतात : प्रिंटलाइनमध्ये (मुद्रक, प्रकाशक, संपादक यांची नावे छापतात त्या ओळीत) संपादक म्हणून नाव कोणाचे राहणार? तुम्ही जाहिरात खात्याच्या बैठकीत आणि पान एकवर मात्र दुसराच निर्णय घेतोय, अशा वेळी बदनामीचे समन्स प्रिंटलाइनवरच्या नावाने येते. डेस्क, म्हणजे बातम्या निवडून पाने लावण्याचे काम, ज्याच्या हाती, त्याचे नाव तिथे जाऊ द्या.

प्रश्न : नवी मुंबईत आठ पानी दैनिक काढायचे आहे. लिहिणारी माणसे आहेत, बातमीची ओळख आहे. रोज दहा हजार प्रती खपल्या तर चालेल ना? (वाचक, नेरूळ)

खपल्या तर चालेल असे नाही. उलट जाहिरात नसेल, तर जितक्या जास्त खपतील तितका खड्डा खोल जाईल. हिशेब कागदापासून करा.

चौरस मीटरला ४५ ग्रॅम भरणाऱ्या न्यूजप्रिंटवर (वर्तमानपत्राच्या कागदावर) आठ मोठ्या पानांची एक प्रत साधारण ३४ ग्रॅम भरते. (महिनाभराची रद्दी तराजूत कशीबशी एक किलो!) दहा हजार प्रतींना ३४० किलो, त्यावर पाच टक्के वाया जाणारा धरला तर ३५७ किलो. कागदाचा भाव हलता असतो. समजा किलोला ५० रुपये, तर रोज १७,८५० रुपये, प्रतीमागे सुमारे १ रुपया ८० पैसे. पेपरची किंमत ४ रुपये ठेवली आणि एजंट व विक्रेता मिळून ३५ टक्के कमिशन गेले, तर तुमच्या हाती २ रुपये ६० पैसे. कागद वजा जाता उरलेल्या ८० पैशांत प्लेट (पान ज्यावर उतरवून छापतात तो पत्रा), शाई, छपाई, टेम्पो आणि न खपलेल्या परतीच्या प्रती. पगाराचे नाव अजून काढलेलेच नाही.

आता प्लेटकडे बघा. रंगीत पानाला चार, काळ्या-पांढऱ्या पानाला एक. चार पाने रंगीत आणि चार साधी म्हणजे २० प्लेट. प्लेट २५० रुपयांना धरली तर रोज ५,००० रुपये. दहा हजार प्रतींवर तो भार ५० पैसे पडतो, दोन हजारांवर थेट अडीच रुपये. वाया जाणाऱ्या कागदाचेही तसेच. मशीन सुरू झाल्यावर चार रंग एकमेकांवर नीट बसेपर्यंत काहीशे प्रती जातातच. चारशे गेल्या तर दहा हजारांत त्या चार टक्के, दोन हजारांत वीस. म्हणून खप कमी असताना रंगीत पानांचा हट्ट धरू नये. पहिले आणि शेवटचे पान रंगीत पुरते. स्वतःचे मशीन घेण्याचा विचार तर आता डोक्यातूनच काढा. महापे-रबाळे पट्ट्यात छापून देणारे शोधा. तिथे पहाटेची वेळ मोठ्या दैनिकांची असते. तुम्हाला रात्री दहा-अकराची मिळेल आणि रात्री उशिराची बातमी हुकेल. गठ्ठे चारच्या आत स्टेशनबाहेर विक्रेत्यांकडे पोहोचले नाहीत, तर तो दिवस गेला.

राहिली जाहिरात. इथे संपादकाचा अंदाज हमखास चुकतो, कारण त्याला छापून आलेली जाहिरात दिसते, वसूल न झालेले बिल दिसत नाही. एजन्सी १५ टक्के कापून घेते आणि पैसे दोन-तीन महिन्यांनी देते, सरकारी बिल त्याहून रेंगाळते. कागदवाला मात्र नवख्याला उधारी देत नाही. म्हणून जाहिरातीचा एक रुपयाही न येता चार महिने पेपर निघेल एवढी रक्कम बाजूला असेल तरच सुरुवात करा. भरवशाचे उत्पन्न हवे असेल तर जाहीर नोटिसांकडे वळा. सिडकोने जमीन गेलेल्यांना दिलेल्या साडेबारा टक्के योजनेतल्या भूखंडांचे व्यवहार, जमिनीच्या हक्काचे शोध, दिवंगत सभासदाच्या फ्लॅटचे हस्तांतरण (सभासदाने वारस नेमलेला नसेल तर यासाठी सोसायटीला दोन स्थानिक वर्तमानपत्रांत नोटीस द्यावी लागते), या छोट्या चौकटींचे पैसे वकील आधी मोजतात. अग्रलेख कोणी वाचो न वाचो, महिन्याचा कागद ‘तमाम जनतेस कळविण्यात येते की’ आणून देतो.

प्रश्न : नवे नाव नोंदवावे की बंद पडत आलेले साप्ताहिक विकत घ्यावे? (वाचक, खारघर)

वर्तमानपत्रांच्या नोंदणीचा १८६७ चा जुना कायदा गेला. १ मार्च २०२४ पासून २०२३ चा नियतकालिक नोंदणी कायदा लागू आहे. नाव आणि नोंदणी यांचा अर्ज आता प्रेस सेवा पोर्टलवर एकत्र होतो आणि जिल्हा प्रशासनाकडेही तोच जातो. प्रशासनाला अभिप्रायासाठी ६० दिवस असतात. तुम्ही खारघरचे, म्हणजे पत्ता नवी मुंबईचा असला तरी जिल्हा रायगड. प्रकाशनाचे ठिकाण वाशी-बेलापूर दाखवले तरच ठाणे जिल्हा येतो. इथे चूक झाली की अर्ज चुकीच्या जिल्ह्यात अडकतो. त्याच भाषेत देशात कुठेही, किंवा कोणत्याही भाषेत याच राज्यात, मिळतेजुळते नाव दुसऱ्याचे असेल तर मिळत नाही. ‘वार्ता’, ‘टाइम्स’, ‘वैभव’ जोडलेली नावे बहुधा अडतात.

विकत घेताना विक्रेत्याची अख्खी कंपनी घेऊ नका. घेतलीत तर थकलेले पगार, भविष्यनिर्वाह निधी आणि खटले सगळे पदरात. वार्षिक विवरणे भरली आहेत का, अंक खरोखर निघत होते का, हे फाइलमधल्या प्रतींवरून तपासा. मालक बदलला की सुधारित प्रमाणपत्र घ्यावे लागते. नुसत्या नोटरीच्या कागदावर मालकी बदलत नाही.

प्रश्न : मालक आणि संपादक एकच असावा का? (वाचक, वाशी)

मराठीत ही परंपरा जुनी आहे. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकर ‘केसरी’चे संपादक होते, १९२३ मध्ये त्यांनी मुंबईत स्वतःचा ‘नवाकाळ’ काढला. त्याआधी आगरकर सामाजिक सुधारणेवरच्या मतभेदांमुळे ‘केसरी’तून बाहेर पडले आणि १८८८ मध्ये ‘सुधारक’ आला. डॉ. ना. भि. परुळेकरांनी १९३२ मध्ये पुण्यात ‘सकाळ’ सुरू केला आणि मते मांडण्यापेक्षा बातमी व वितरण यांना महत्त्व दिले. आमच्या मते तिघांत धंदा सर्वात नीट परुळेकरांना कळला. अलीकडचे उदाहरण शेखर गुप्ता यांचे. ‘इंडियन एक्सप्रेस’मध्ये ते मुख्य संपादक आणि मुख्य कार्यकारी अधिकारी दोन्ही होते, पुढे २०१७ मध्ये त्यांनी ‘द प्रिंट’ ही डिजिटल संस्था काढली.

एकच माणूस असला तर निर्णय झटपट होतात. पण बिल्डरचे पानभर बुकिंग आणि त्याच्याच इमारतीच्या ओसीची (भोगवटा प्रमाणपत्राची) बातमी एका फोनवर येतात, तेव्हा मध्ये उभे राहायला कोणी नसते. बदनामीचा खटला (भारतीय न्याय संहिता, कलम ३५६) उभा राहिला, तर मालक, मुद्रक, प्रकाशक, संपादक या चारही जागी एकच नाव आणि मालकी व्यक्तिगत असेल तर भरपाईच्या दाव्यात राहते घरही ओढले जाऊ शकते. निदान मालकी प्रायव्हेट लिमिटेड कंपनीकडे द्या. आणि जाहिरात व्यवस्थापकाने बातमीबद्दल थेट उपसंपादकाशी बोलायचे नाही, हा नियम पहिल्या दिवशी नोटीस बोर्डावर लावा.

प्रश्न : छापील नको, फक्त डिजिटल काढले तर? (वाचक, कळवा)

कागद आणि प्लेट वाचतात, जबाबदारी तेवढीच राहते. २०२१ च्या माहिती तंत्रज्ञान नियमांनुसार तक्रार निवारण अधिकारी नेमून त्याचे नाव पोर्टलवर ठेवावे लागते. तक्रारीची पोच २४ तासांत आणि निर्णय १५ दिवसांत द्यायचा असतो. परदेशी पैसा घ्यायचा झाल्यास मर्यादा २६ टक्के, तीही सरकारच्या मंजुरीने. नोटिसांच्या जाहिराती मात्र इकडे वळणार नाहीत. सोसायटी आणि वकिलांना फाइलला लावायला छापलेला कागदच लागतो.