शब्दचर्चा: ‘विहान’ म्हणजे पहाट की त्याग?

परभणी जिल्ह्यातल्या एका आजोबांचे पत्र आले आहे. नातू रोहिणी नक्षत्राच्या तिसऱ्या चरणावर जन्मला, अक्षर ‘वी’ आले, आजोबांच्या मनात ‘विठ्ठल’ होते आणि सूनबाईंनी ‘विहान’ निवडले. बारसे आनंदात पार पडले, परंतु नंतर दोन गोष्टी त्यांना खटकू लागल्या. घरातल्या मराठी शब्दकोशात हा शब्द सापडला नाही, आणि गावातल्या एका संस्कृत जाणणाऱ्या गृहस्थांनी ‘हान म्हणजे हानी, तेव्हा विहान म्हणजे टाकून देणे’ असा अर्थ सांगितला. मोबाईलवर मात्र ‘संस्कृत शब्द, पहाट, नव्या युगाची सुरुवात’ असे दिसते. यांतले खरे कोणते आणि नाव बदलावे काय, अशी त्यांची पृच्छा आहे.

नाव बदलण्याचे काहीही कारण नाही. विहान म्हणजे पहाटच. पण हा अर्थ शब्दात कसा आला हे नीट पाहिल्याशिवाय आजोबांच्या मनातली शंका जाणार नाही, म्हणून थोडे सविस्तर लिहितो.

आधी त्या गृहस्थांच्या म्हणण्याविषयी. ते निराधार बोललेले नाहीत. संस्कृतात ‘हा’ असा एक धातू आहे आणि धातुपाठात, म्हणजे धातूंच्या जुन्या यादीत, त्याचा अर्थ ‘त्याग’ असाच दिला आहे. हानी, हीन, विहीन हे आपल्या रोजच्या वापरातले शब्द त्याचेच, आणि गीतेच्या दुसऱ्या अध्यायातले ‘वासांसि जीर्णानि यथा विहाय’ यातले ‘विहाय’, म्हणजे ‘टाकून’, हेही ‘वि’ उपसर्ग लागलेल्या त्याच धातूचे रूप. या धातूपासून ‘हान’ हे नाम होते आणि त्यामागे ‘वि’ लावला तर व्याकरणाने ‘विहान’ सिद्धही होईल. मात्र एखादे रूप व्याकरणाने सिद्ध होते एवढ्यावरून आपल्यासमोरचा शब्द त्याच वाटेने आला असे ठरत नाही. आपल्याकडचेच उदाहरण घ्यावे. किनवट-माहूरच्या रानात मोहाची झाडे आहेत. तो ‘मोह’ आणि मनाला पडणारा ‘मोह’ लिहिण्या-बोलण्यात अगदी एक आहेत, पण झाड ‘मधूक’ या संस्कृत शब्दातून उतरले आणि मनाचा मोह ‘मुह्’ या धातूतून आला. दोन्ही प्रवाह एकाच पात्रात येऊन मिळाले, म्हणून त्यांचे उगम एक होत नाहीत. ‘विहान’चेही तसेच आहे.

पहाट या अर्थाच्या विहानचा उगम ‘भा’ या धातूत आहे. भा म्हणजे प्रकाशणे. ‘प्र’ लागला की प्रभा आणि प्रभात, ‘आ’ लागला की आभा, ‘वि’ लागला की विभा आणि विभात. यांतल्या ‘विभात’चा अर्थ उजाडलेले, म्हणजेच पहाट. आपल्याकडे मुलींचे नाव म्हणून रुळलेली ‘विभावरी’ही याच घरची. आज आपण तिचा अर्थ रात्र असा करतो, परंतु ऋग्वेदात उषेला ‘विभावरि’ अशी हाक मारलेली आहे. याच ‘वि + भा’चे ‘विभान’ असे रूप मानले जाते आणि त्याचे प्राकृतात ‘विहाण’ झाले.

‘भ’चा ‘ह’ कसा झाला, असे कोणी विचारील. हा प्राकृताचा ठरलेला नियमच आहे. दोन स्वरांच्या मध्ये आलेल्या ख, घ, थ, ध, भ यांचा ह होतो, असे हेमचंद्राने बाराव्या शतकातल्या आपल्या व्याकरणात एका छोट्या सूत्रात सांगून ठेवले आहे. सूत्र पाठ नसले तरी त्याचा पुरावा मराठी माणसाच्या घरात रोज असतो. गोधूमचा गहू झाला, दधीचे दही झाले, बधिर होता तो बहिरा झाला, गभीर होते ते गहिरे झाले, आणि वर आलेला मधूकचा मोहही याच नियमाने झाला. हालाच्या नावावर असलेला ‘गाथासप्तशती’ हा काव्यसंग्रह ज्या महाराष्ट्री प्राकृतात आहे, त्या भाषेचे हे वळण. आणि हाल हा सातवाहन राजा, ज्यांची राजधानी आपले पैठण. ‘विहान’ हा शब्द परका वाटत असला, तरी तो ज्या भाषिक घडणीतून आला ती मराठवाड्याला परकी नाही, हे मला आवर्जून सांगावेसे वाटते.

त्याच हेमचंद्राने अपभ्रंशाचे, म्हणजे प्राकृताच्या पुढच्या टप्प्यातल्या भाषेचे, नमुने म्हणून जे दोहे दिले आहेत, त्यांतल्या एकात आपला शब्द जसाच्या तसा भेटतो. नायिका म्हणते, मी तुला आधीच सांगितले होते की फार वेळ रुसून बसू नकोस, आणि पुढची ओळ अशी: ‘निद्दए गमिही रत्तडी, दडवड होइ विहाणु’. झोपेतच रात्र निघून जाईल आणि झटकन पहाट होईल. रत्तडी म्हणजे रात, विहाणु म्हणजे पहाट. इथे त्यागाला किंवा हानीला जागाच नाही. रात्र सरते आणि विहाण होते, इतका स्वच्छ अर्थ आहे.

मराठीच्या कोशात हा शब्द आजोबांना का मिळाला नाही, याचे उत्तर पुढच्या प्रवासात आहे. प्राकृतानंतर हा शब्द उत्तरेकडे आणि पूर्वेकडे टिकला. नेपाळीत ‘बिहान’ म्हणजे सकाळ. भोजपुरीत त्याचा अर्थ सकाळ आणि उद्या असा दोन्ही होतो. जालन्याच्या औद्योगिक वसाहतीत लोखंडाच्या कारखान्यांवर काम करणारे बिहारकडचे कामगार पुष्कळ आहेत. तिथल्या एका चहाच्या टपरीवर, फोनवर बोलणाऱ्या एका तरुणाच्या तोंडून ‘बिहान आइब’ हे शब्द मी स्वतः ऐकले आहेत. ‘उद्या येईन’ असे तो घरी सांगत होता. आपला ‘उद्या’ही उदयाशी नाते सांगतो, त्यामुळे पुढचा दिवस त्याच्या उजेडावरून ओळखण्याची ही रीत मला फार जवळची वाटली.

या बिहानातला ‘ब’ काढून ‘व’ घातला, की शब्दाला संस्कृत रूप येते, आणि आजचे नाव त्याच रूपातले आहे. तो सरळ मराठीच्या वाटेने उतरला असता तर आपण ‘विहाण’ म्हटले असते, कारण उत्तरेकडे पानी आणि रानी, तर आपल्याकडे पाणी आणि राणी. म्हणून ‘संस्कृत शब्द’ हे मोबाईलवरचे विधान अर्धेच बरोबर आहे. धातू संस्कृत, पण शब्दाचा देह प्राकृत. ‘नव्या युगाची सुरुवात’ हा तर निव्वळ अलंकार आहे, त्याला भाषेत आधार नाही आणि पहाटेला त्याची गरजही नाही.

‘पहाट’ हा शब्दही व्युत्पत्तिकार ‘प्रभात’वरूनच लावतात, म्हणजे तिथेही तोच धातू आणि ‘भ’चा तोच ‘ह’. उपसर्ग तेवढा निराळा. पत्राखाली आजोबांनी आपले नाव प्रभाकर असे लिहिले आहे. तेव्हा सूनबाईंनी नकळत का होईना, आजोबांच्याच नावातला धातू नातवाला दिला आहे.

बारशाला आलेल्या काही बायकांना हे नाव ‘विहीण’सारखे ऐकू आले, असेही पत्रात आहे. विहीण विवाहाशी संबंधित शब्द आहे, त्याचा इथे काही संबंध नाही. पण ऐकण्यातला हा घोटाळा टाळण्यासारखा आहे. आपल्या बोलण्यात मधला ‘ह’ सहज गळतो. पहाटे उठून म्हणायचे ते कित्येक जण ‘पाटं उठून’ म्हणतात. त्याच सवयीने विहानचा ‘व्यान’ होऊ लागेल. हाक मारताना ‘वि’ ऱ्हस्व ठेवावा, ‘हा’ मोकळा आणि लांब उच्चारावा. दाखल्यावर देवनागरीत ‘विहान’ एवढेच लिहावे. रोमन लिपीत काही जण दोन ‘ए’ लिहितात, ते या लांब ‘हा’साठीच.