लग्न गोव्यात, फोन फोंड्यात

प्रश्न : भाचीचं लग्न तीन आठवड्यांवर आलंय, बाणावलीच्या एका रिसॉर्टवर. मुलाकडचे पुण्याचे, माझी बहीण नाशिकची, पाहुणे 140. गोव्यात राहणारे आम्ही एकटेच. त्यामुळे ‘मावशी, तू तिथलीच ना’ म्हणत जो तो मलाच फोन करतो. रात्री तीनला जाग येते, छाती धडधडते, मग डोळा लागत नाही. वय 49. (एक वाचक, फोंडा)

उत्तर : आधी फोनांचा बंदोबस्त करा, मग झोपेचा. प्राणायाम कितीही केला तरी फोन वाजायचे थांबत नाहीत.

हे फोन बहुतेक तीन गोष्टींचे असतात: उतरायचं कुठे, तिथून यायचं कसं आणि खोलीत सोबत कोण. पहिल्या दोन्हींचं उत्तर आजच एका निरोपात लिहून दोन्ही घरांच्या ग्रुपवर टाका. विमानाचं तिकीट दाबोळीचं, म्हणजे त्यावर ‘जीओआय’ हवं. ‘जीओएक्स’ म्हणजे मोपा, पार पेडणे तालुक्यात. 2023पासून तिथेही विमानं उतरतात आणि भाडं कमी दिसलं की लोक विमानतळाचं नाव न वाचता तिकीट काढून मोकळे होतात. दाबोळीहून बाणावली साधारण तासाभरावर, मोपाहून दोन तास धरून चाला. रेल्वेने येणाऱ्यांनी मडगावलाच उतरावं, थिवीला किंवा करमळीला नाही. ओला-उबर इथे चालत नाही, हे ठळक लिहा. पाहुणा बाहेर येऊन तेच ॲप उघडतो आणि गाडी दिसली नाही की तुम्हाला फोन लावतो.

गाड्यांसाठी पाहुण्यांची यादी आडनावाप्रमाणे नको, उतरण्याच्या वेळेप्रमाणे लावा आणि तीन-तीन तासांचे गट पाडा. सतरा आसनी टेम्पो ट्रॅव्हलरमध्ये बॅगांसकट बाराच माणसं धरा. परतीच्या गाड्याही आत्ताच ठरवा. त्या हमखास राहून जातात आणि लग्नाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी सगळा आरडाओरडा त्यावरूनच होतो.

खोल्यांचा प्रश्न तुमचा नाहीच. कोणाला कोणाशेजारी ठेवायचं नाही, हे त्या-त्या घरालाच ठाऊक असतं. दोन्हीकडून एकेक माणूस नेमायला सांगा. नवरानवरी आणि त्यांचे आईवडील सोडून, हिशेबाला पक्का असा एखादा चुलतभाऊ पुरे. त्यांचे नंबर निरोपाच्या शेवटी द्या आणि तुम्हाला येणारा प्रत्येक फोन तिकडे वळवा. पहिले दोन दिवस कुणीतरी रुसेल. रुसू द्या.

आता झोप. संध्याकाळी आठला कागद घेऊन उरलेली कामं लिहा आणि प्रत्येकापुढे फक्त पुढची पायरी: ‘फुलं’ असं नाही, ‘सकाळी दहाला फुलवाल्याला आगाऊ रक्कम’ असं. साडेनऊला फोन दुसऱ्या खोलीत ठेवा. दुपारी दोननंतर चहा-कॉफी नको. जाग आलीच तर घड्याळ बघू नका. चार आकडे मोजत श्वास आत, सहा मोजत बाहेर, असं पाच मिनिटं करा. वीसेक मिनिटांत झोप लागली नाही तर उठून मंद उजेडात बसा. लोळत राहिलं की अंथरूण आणि जागरण यांची गाठ पक्की होते. झोपेसाठी घोटभर दारू घेण्याचा सल्ला कुणी देईल. त्याने झोप लवकर लागते, पण उत्तररात्री मोडते, म्हणजे तुमची तक्रार आहे तिथेच.

एक गोष्ट मात्र ताणावर ढकलून सोडू नका. या वयात रात्रीची जाग आणि धडधड रजोनिवृत्तीचीही असते, थायरॉइडची किंवा रक्त कमी असल्याचीही. रक्तदाब, हिमोग्लोबिन आणि टीएसएच (थायरॉइडची रक्ततपासणी) या आठवड्यातच तपासून घ्या. धडधडीबरोबर छातीत दुखलं किंवा भोवळ आली तर त्याच वेळी दवाखाना गाठा. मनच फार खचल्यासारखं वाटलं तर टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य मदतवाहिनीचा 14416 हा मोफत क्रमांक चोवीस तास चालू असतो.

प्रश्न : मुलाचं लग्न गोरज मुहूर्तावर आहे आणि मांडव थेट वाळूवर. वारा आणि भरतीच्या विचाराने जीव टांगणीला लागलाय. (एक वाचक, म्हापसा)

उत्तर : भरतीचा ढोबळ हिशेब कोकणातला जुनाच आहे: तिथीला पाऊणने गुणा, भरतीची वेळ येते. अष्टमीला सहाच्या सुमारास, पौर्णिमेला सव्वाअकराच्या आसपास. म्हणजे गोरजाला भरती येते ती अष्टमीच्या आगेमागे, आणि ती लहान असते. मोठं उधाण पौर्णिमा-अमावास्येचं. ते येतं भर दुपारच्या आधी आणि पुन्हा रात्री, मांडव उभारताना किंवा जेवणावळी चालू असताना. खुर्च्या आणि वायरी भिजतात त्या तेव्हा. नेमकी वेळ आणि उंची मुरगाव बंदराच्या कोष्टकात बघा आणि त्यावरून मांडवाची जागा मागे घ्या. किनाऱ्यावर मांडवाची परवानगी आहे का, ते रिसॉर्टकडून लेखी घ्या.

वारा दुपारी जोरात असतो, सूर्यास्ताला पडू लागतो. होमकुंड विटांवर ठेवा, समुद्राच्या बाजूने पत्र्याचा आडोसा करा. समिधा खाऱ्या दमट हवेत ओल धरतात, म्हणून घट्ट झाकणाच्या डब्यात आणा. अंतरपाटाच्या खालच्या काठात बारीक काठी शिवून घ्या. खरं तर विधी हिरवळीवर आणि फोटो वाळूवर, हेच शहाणपणाचं.

उघड्यावर ध्वनिवर्धक रात्री दहाला बंद होतो. तेव्हा संगीत साडेसहालाच सुरू करा, नाहीतर बंद सभागृह आधीच राखून ठेवा.

प्रश्न : पाळी नेमकी लग्नाच्या दिवशी येतेय. गोळी घेऊ का? (नवरी, डिचोली)

उत्तर : डॉक्टरांना विचारूनच. पाळी पुढे ढकलणारी नोरेथिस्टेरॉनची गोळी साधारणपणे पाळीच्या अपेक्षित तारखेच्या तीन दिवस आधी सुरू करतात, उशिरा घेतली तर भरवसा नाही. पायात कधी गुठळी झाली असेल किंवा डोळ्यांपुढे चमकून अर्धशिशी उठत असेल तर ते आधी सांगा. गोळी थांबवल्यावर दोन-तीन दिवसांत पाळी येते, तेवढं धरून पुढच्या प्रवासाची तारीख ठरवा.