अमेरिकेची पहिली ट्रान्सकॉन्टिनेंटल रेल्वे बांधताना तिथल्या संसदेने सरकारी पैशावर लक्षच ठेवलं नव्हतं का?

ठेवलं होतं ना, पण रुळांवर. लिंकनने १ जुलै १८६२ ला सही केलेल्या कायद्यात रेल्वे कंपन्यांना कर्ज म्हणून मैलामागे सरकारी बाँड ठरले होते, सपाटीला १६ हजार डॉलर, डोंगरात ४८ हजार आणि मधल्या पट्ट्यात ३२ हजार, आणि आधी ४० मैल, मग १८६४ पासून २० मैल पूर्ण झाले की सरकारी कमिशनर येऊन बघणार आणि मगच बाँड सुटणार. पूर्वेकडून रूळ टाकत येणाऱ्या युनियन पॅसिफिक कंपनीच्या बोर्डावर सरकारी डायरेक्टरसुद्धा बसवले होते.

पण कंत्राट कुणाला दिलं, केवढ्याला दिलं हे कुणी तपासायचं? माझ्या मते सगळा घोळ इथेच झाला. युनियन पॅसिफिकच्या थॉमस ड्युरंट वगैरे मंडळींनी क्रेडिट मोबिलियर नावाची कंपनी हाताशी धरली आणि बांधकाम फुगवलेल्या दराने तिच्याकडे वळवलं, म्हणजे बिल देणारे तेच आणि घेणारेही तेच, रेल्वे कर्जात बुडाली आणि हे लोक गब्बर झाले. त्यात ओक्स एम्स हा स्वतः मॅसॅच्युसेट्सचा खासदार, त्याने १८६७-६८ मध्ये हे शेअर्स सहकारी खासदारांना दर्शनी किमतीत वाटले, खरा भाव कितीतरी वर असताना, आणि काहींनी तर खिशातून दमडीही काढली नाही, डिव्हिडंडमधूनच किंमत वळती झाली. आता ज्यांनी चौकशी लावायची त्यांच्याकडेच शेअर्स असतील तर चौकशी मागणार कोण?

डोंगर कुठून सुरू होतो हेसुद्धा सोयीने ठरलं बरं का. पश्चिमेकडून रूळ टाकत येणाऱ्या सेंट्रल पॅसिफिक कंपनीसाठी सिएरा नेवाडाचा पायथा सॅक्रामेंटोपासून जेमतेम सात मैलांवर धरला गेला, तिथे जमीन चक्क सपाट आहे. आणि दोन्ही कंपन्यांनी भेटायचं कुठे हे संसदेने एप्रिल १८६९ पर्यंत पक्कं केलं नव्हतं, त्यामुळे युटामध्ये दोघांच्या टोळ्या एकमेकांना ओलांडून समांतर भराव टाकत सुटल्या. रूळ १० मे १८६९ ला जुळले.

खरी चौकशी त्यानंतर तीन वर्षांनी, तीही १८७२ च्या निवडणुकीच्या तोंडावर न्यूयॉर्कच्या 'सन' या वर्तमानपत्राने प्रकरण छापलं म्हणून. संसदेच्या पोलंड समितीने (अध्यक्ष ल्यूक पोलंडच्या नावावरून) एम्स आणि दुसरा खासदार जेम्स ब्रुक्स यांना काढून टाका म्हटलं, सभागृहाने फेब्रुवारी १८७३ मध्ये नुसता निषेध नोंदवला. खासदार जेम्स गारफिल्डचं नाव यात आलं होतं, तो १८८० मध्ये राष्ट्राध्यक्ष म्हणून निवडून आला, मला याची अजून चीड येते. आणि सेंट्रल पॅसिफिकवाल्यांनी आपली जी बांधकाम कंपनी काढली होती तिच्या हिशोबाच्या वह्या या रेल्वे कंपन्यांची चौकशी करणाऱ्या १८८७ च्या सरकारी कमिशनला मिळाल्याच नाहीत.