‘फुल बास’ लावला की आवाज फाटतो

प्रश्न : लॅपटॉपवर गाणी ऐकताना व्हीएलसी प्लेअरच्या इक्वलायझरमध्ये (जाड-बारीक आवाज वेगवेगळ्या पट्ट्यांनी कमी-जास्त करण्याची सोय) मी ‘फुल बास’ हे प्रिसेट, म्हणजे तयार सेटिंग, निवडते. बास, म्हणजे खर्जातला आवाज, फारसा वाढत नाहीच, उलट आवाज फाटतो, शब्द गढूळ होतात. स्पीकर गेला असेल का?

उत्तर : प्रिसेट बंद केल्यावर आवाज स्वच्छ येत असेल, तर स्पीकर धडधाकट आहे. मीही एकदा हे प्रिसेट चुकून चालू ठेवून महिनाभर भाषणांची रेकॉर्डिंग ऐकली आणि दोष देत बसलो वक्त्याच्या घशाला!

लॅपटॉपचा स्पीकर इवलासा. आवाज जितका खर्जातला, तितके त्याचे हर्ट्‌झ कमी. साधारण दीडशे-दोनशे हर्ट्‌झच्या खालचे आवाज त्याला झेपतच नाहीत. ६० हर्ट्‌झची पट्टी कितीही वर सरकवा, तो नुसता थरथरतो. कीबोर्डच्या कडेला तळहात टेकवून पाहा, हाताला कळेल. त्यातून हल्लीची बरीच गाणी कमाल पातळीला टेकेल इतक्या मोठ्या आवाजातच तयार केलेली असतात. त्यावर आणखी ६ डेसिबल चढवले की लहरीची उंची जवळपास दुप्पट होते. वर जागाच नसते, म्हणून शेंडे छाटले जातात. फाटतो तो असा.

तेव्हा वाढवण्याऐवजी कमी करून पाहा. आधी ‘फ्लॅट’ निवडा, म्हणजे सगळ्या पट्ट्या शून्यावर येतील. ६० ची पट्टी सात-आठ डेसिबल खाली ओढा. जे ऐकूच येत नाही त्यावर स्पीकरला दमवायचं कशाला? मग ३१० ची दोन-तीन डेसिबल खाली घ्या. गढूळपणा बहुतेक याच भागात असतो आणि एवढ्यानेच गायकाच्या तोंडावरचा रुमाल काढल्यासारखं वाटतं. शब्द अजून उठून येत नसतील, तर ३ किलोहर्ट्‌झची पट्टी दोन डेसिबल वर न्या, पण प्रीअँप (सगळा आवाज एकदम कमी-जास्त करणारी पट्टी) तेवढाच खाली आणा. ‘स’, ‘श’ कानाला टोचू लागले तर ६ किलोहर्ट्‌झ जरा उतरवा.

इक्वलायझर चालू-बंद करून तुलना कराल तेव्हा दोन्ही वेळा आवाजाची पातळी सारखी ठेवा. जरा मोठा असलेला आवाज कानाला उगाच चांगला वाटतो. ‘रॉक’, ‘पॉप’ ही नावं गाण्यांची आहेत. तुमचा स्पीकर कसा आहे, हे त्या प्रिसेटना ठाऊक नसतं.

हेडफोन लावणार असाल तर मात्र हे सगळं पुसून पुन्हा ‘फ्लॅट’वर या. तिथे ६० हर्ट्‌झ खरोखर ऐकू येतात.