एका मथळ्यात दोन छळ

अमळनेरहून एका वाचकांनी विचारलंय: “‘विवाहितेच्या छळाच्या गुन्ह्यात पोलिसांकडून छळ, सासरच्यांची खंडपीठात धाव’ असा मथळा वाचला. एकाच ओळीत दोनदा ‘छळ’ बरोबर आहे का? दुसऱ्या जागी ‘ससेमिरा’ चालला असता का?”

व्याकरण ठीक आहे, पण कोणी कोणाला छळलं हेच कळेनासं होतं. पहिल्या जागी ‘छळ’ या शब्दाला कायद्याचा आधार आहे. १९८३ साली दंडसंहितेत ४९८-अ कलम आलं. आता ते भारतीय न्याय संहितेच्या ८५ आणि ८६ कलमांत आहे. पैशाअडक्यासाठी विवाहितेला छळणं तिथे ‘क्रूरते’च्या व्याख्येतच घातलंय. दुसरा छळ कोर्टात अजून सिद्ध व्हायचाय.

संस्कृतातला ‘छल’ म्हणजे कपट. मराठीत तो गांजण्याकडे सरकला, हिंदीत कपटावरच राहिला. रावेरच्या मुलीचं सासर मध्य प्रदेशातल्या बऱ्हाणपूरचं असेल आणि गुन्हा तिकडे नोंदवला, तर कागदावरच्या ‘छल’चा अर्थ फसवणूक, आपल्या छळाला तिकडे ‘प्रताडना’ म्हणतात. ‘जाच’ निराळा. दोरी जाचते तसा तो रोजचा, अंगाला घासणारा. फिर्यादीतला ‘जाचहाट’ त्यातलाच.

आता ससेमिरा. झाडावर आसरा देणाऱ्या अस्वलाचा राजपुत्राने घात केला, त्याला वेड लागलं आणि तो ‘स-से-मि-रा’ एवढंच बडबडू लागला, अशी जुनी संस्कृत कथा आहे. ही चार श्लोकांची आद्याक्षरं. एकेक श्लोक ऐकवला तसं एकेक अक्षर गळालं. पाठ न सोडणारी कटकट ती ससेमिरा, हा अर्थ तिथून आला. चौकशीला तो चपखल बसतो, म्हणून पत्रकारांचा लाडका. पण ससेमिरा बेकायदाच असतो असं नाही. तपासी अंमलदाराने रीतसर नोटीस देऊन तीनदा बोलावलं, तरी बोलावलेला माणूस त्याला ससेमिराच म्हणणार.

त्यामुळे याचिकेत हा शब्द फार कामाचा नाही. जळगाव, धुळे, नंदुरबारची प्रकरणं उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे जातात. तिथे विशेषणांपेक्षा तपशील लागतो: नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३५(३) ची, अटक न करता हजर राहायला सांगणारी लेखी नोटीस मिळाली की हवालदाराचा नुसता फोन आला, म्हाताऱ्या सासूला ठाण्यात किती वेळ बसवून ठेवलं. विवाहितेच्या छळाच्या गुन्ह्याला तीन वर्षांपर्यंत शिक्षा आहे, आणि सात वर्षांपर्यंत शिक्षेच्या गुन्ह्यात सरसकट अटक करू नका, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१४ च्या अर्नेश कुमार निकालात बजावलंय. न पाळणाऱ्या पोलिसावर खातेनिहाय कारवाई होऊ शकते, शिवाय न्यायालयाचा अवमानही.

मला त्या मथळ्यात ‘खंडपीठात धाव’ जास्त खटकलं. गुन्हाच रद्द करा म्हणून गेले, की पोलिसांना आवरा म्हणून? दोन्ही मागण्या वेगळ्या. पहिली मान्य झाली तर फिर्यादच जाते. दुसरी मान्य झाली तरी तपास चालूच राहतो.

अहिराणीत माणूस सरळ सांगतो, ‘पोलीस आमले तरास देतस’. तोच ‘त्रास’ घ्यावा. त्यात निकाल आधीच दिल्यासारखं होत नाही. मी लिहिलं असतं: ‘चौकशीच्या नावाखाली पोलिसांनी त्रास दिल्याचा आरोप, विवाहितेच्या छळाच्या गुन्ह्यातील सासरच्यांची खंडपीठात याचिका’. लांब झालं खरं, उपसंपादक कात्री लावेलच. पण ‘आरोप’ तेवढा कापू नये.